नऊ नंबरचा डबा आणि ओलं गोणपाट

२०२३ साली मी एकाहत्तर वर्षांचा होतो. बायको जाऊन अकरा महिने झाले होते. मुंबईच्या एका बाईंचा फोन आला तो पोराच्या मोबाईलवर, कारण माझ्याकडे मोबाईल नाही आणि मला तो नको आहे. पोरगा बोलला, "बाबा, फिल्मवाल्या बाई आहेत. तुमच्या डब्यांबद्दल विचारतात." मी बोललो, "विचारू दे. इतक्या वर्षांनी कोणीतरी विचारतंय."

बाईंचं काम असं, की जुन्या फिल्मा शोधायच्या, साफ करायच्या आणि कॉम्प्युटरवर चढवायच्या. मग इतिहासाचे माहितीपट करणारे लोक त्या वापरतात. आता एक माहितीपट भिवंडीच्या खाडीकाठावर होणार होता. गोदामं यायच्या आधी इथे काय होतं, त्याच्यावर. मानकोलीला आज ट्रकांची रांग लागते तिथे भात डोलत होता, हे दाखवायला त्यांच्याकडे एक चित्र नव्हतं. माझ्याकडे होतं. एकतीस डबे होते. भिवंडीत दुसऱ्या कोणाकडे एक असेल तर दाखवा.

माझ्या मनात मात्र एकच डबा होता, नऊ नंबरचा. त्यात माझी बायको आहे. एकोणीस वर्षांची, हलती-चालती. घरात तिचे फोटो तीन. एक आधार कार्डावरचा, एक रेशन कार्डावरचा, एक पोराच्या लग्नातला, त्यात तिचे डोळे मिटलेत. भिंतीवर हार घातलाय तो आधार कार्डावरचा, मोठा करून आणलेला. तो बघून मला ती आठवत नाही. कोणीतरी सरकारी बाई वाटते. त्या अकरा महिन्यांत मला रडू आलं नव्हतं. वेळेवर जेवत होतो, झोपत होतो. लोक बोलायचे, म्हातारा खंबीर आहे. खंबीर कसला, आत काही हलतच नव्हतं. मी मनाशी ठरवलं होतं, नऊ नंबरचा डबा लागेल तेव्हा बघू. तिला हसताना बघितलं की जे व्हायचं असेल ते होईल.

आधी डबे माझ्याकडे कसे आले ते सांगतो.

मी चौथी शिकलो, ती पण पुरी नाही. सतराव्या वर्षी गावातून भिवंडीत, नारपोलीला कापडाच्या लूमवर आलो. आमच्या लोकांत तेव्हा ते कमीपणाचं होतं. शेत, होडी, रेती हे आमचं. बाप बोलला, "आपली जमीन हाय ना, मग परक्याचं सूत कनाला जोडतंस?" कनाला म्हणजे कशाला, ते मी सांगितलं नाही, गेलो. माझा हात चांगला होता. चालत्या लूमवर तुटलेला धागा मी असा जोडायचो की कापडात गाठ शोधून दाखवावी. शेठ मागे येऊन ते बघत उभा राहायचा.

शेठला फिल्मचा नाद होता. चावी भरून चालणारा कॅमेरा त्याने कुठून तरी आणला होता. दिसेल ते काढायचा. लूम, बाजार, खाडीतली होडी, भात झोडणारी माणसं. भिवंडीत लूमला सुट्टी शुक्रवारी. त्या दिवशी शेडच्या अंगणात आमच्याच लूमचं कोरं कापड ताणून तो आम्हाला आम्हीच दाखवायचा. माणसं खूष. फिल्म मधेच तुटायची, अंधार व्हायचा, शिट्ट्या सुरू. एकदा शेठ वैतागून बोलला, "अरे, तू धागा जोडतोस ना? मग ही जोड." त्याने दाखवलं, ब्लेडने कड खरवडायची, ब्रशने सोल्युशन लावायचं, दाबून धरायचं. मी जोडली. ती फिल्म परत कधी त्या जागी तुटली नाही. त्या दिवसापासून फिल्म दाखवायचं मशीन माझ्या हातात आलं. चौथी शिकलेला माणूस ऑपरेटर झाला, हे गावात जाऊन मी किती जणांना सांगितलं त्याचा हिशोब नाही.

माझं लग्न झालं त्या उन्हाळ्यात शेठला मी आमच्या गावी नेलं. आमचं गाव खाडीला लागून. भरतीचं खारं पाणी भाताच्या जमिनीत शिरलं तर तिथे काही वर्षं गवताची काडी येत नाही. म्हणून पावसाच्या आधी अख्खं गाव मिळून मातीचा बांध नीट करायचं. घरटी एक माणूस उभा राहिलाच पाहिजे, नाहीतर गावात तोंड दाखवायला जागा नाही. आमच्या घरातून ती उभी राहिली, कारण मी लूमवर. माणसांची रांग, चिखलाचे गोळे हातोहात पुढे. रांगेत ती सातवी. शेठने चावी दिली. ती गोळा घेताना कॅमेऱ्याकडे वळली आणि हसली. तिच्या पुढची बाई ओरडली, "नवरी, चिखल दे इकडं, दात मंग दाखव!" फिल्मला आवाज नाही, पण मला तो ऐकू येतो. सगळं मिळून एक मिनिट.

पुढे शेठ गेला. त्याच्या पोरांनी शेड पाडायला काढली. मी तेव्हा त्रेचाळीसचा होतो. डबे भंगारात चालले होते. मी भंगारवाल्याच्या हातगाडीवरून उतरवून घेतले, मशीनसकट. शेठची पोरं हसली, "चाचा, इस कचरे का क्या करोगे?" मी बोललो, "तुमच्या बापाला कचरा बोलू नका." घरामागे एक खोली होती, तिथे लाकडी रॅक ठोकला आणि डबे लावले, एकापासून एकतीसपर्यंत नंबर घालून. टेम्पोतून उतरवताना नऊ नंबर खाली पडला आणि त्याच्या कडेला पोचा आला. बायकोला वाचता येत नव्हतं, पण तिचा डबा कुठला ते तिला त्या पोच्यावरून कळायचं.

होळीला मी भिंतीवर फिल्म लावायचो. गल्ली जमायची. नऊ नंबर लागला की बायको पदर तोंडाला लावायची. "बघा कशी काडी होती मी. तुमच्या घरी येऊन जाडी झाली."

"खायला घातलं म्हणून जाडी झालीस."

"चिखल उचलाला लावला ते सांगा की लोकांना."

आता चूक सांगतो. पाच-सहा वर्षांनी फिल्म मशीनमध्ये तुटायला लागली. कडक झाली होती, कडा वळत होत्या. मी विचार केला. लूमवर उन्हाळ्यात काय व्हायचं? हवा कोरडी झाली की सूत पटापट तुटायचं. मग मुकादम ओरडायचा, "पानी मारो!" आम्ही जमिनीवर पाणी शिंपडायचो, गोणपाटं भिजवून टांगायचो, तासाभरात सूत मऊ व्हायचं, लूम सुरळीत. भिवंडीतल्या कुठल्याही जुन्या कामगाराला विचारा. मला वाटलं, फिल्म पण सुकलीय. मी रॅकखाली गोणपाटं अंथरली आणि रोज सकाळी एक बादली पाणी मारायला लागलो. आणि फिल्म मऊ झाली! खरोखर झाली. तुटायची थांबली. मी बायकोला दाखवलं, "बघ, डोकं लागतं."

ती खाडीकाठच्या घरातली. सुकट, बोंबील, तांदळाचे पापड, सगळं सुकवून ठेवण्यात तिचं आयुष्य गेलं. ती खोलीच्या दारात उभी राहून नाक मुरडायची. "अवो, आंबट वास येतंय."

"तुला कशाचा वास येत नाही?"

"ओल हाय हितं. सुकटीला अशी ओल लागली तर अळ्या पडतात."

"फिल्म म्हणजे सुकट हाय काय?"

"मला काय म्हाईत. पन आंबट वास चांगला न्हाय कशाचाच."

मी ऑपरेटर. ती कधी शाळेच्या पायरीवर चढली नाही. मी पाणी मारत राहिलो.

मग मशीनचा बल्ब गेला. तसला बल्ब कुठे मिळेना. फिल्म लावणं बंद झालं, पाणी बंद झालं नाही. एकदा कोणी मास्तर शाळेसाठी जुन्या शेतीची फिल्म विचारत आले. दाखवता येत नसली तरी डबा तरी दाखवू म्हणून मी नऊ नंबर काढायला गेलो, तर रॅकवर जागा रिकामी. शोधशोध शोधला. शेवटी स्वयंपाकघराच्या माळ्यावर सापडला, सुकटीच्या पत्र्याच्या पेटीत, जुन्या साडीत गुंडाळून, बोंबलाशेजारी. मास्तरांसमोर माझी शोभा झाली. ते गेल्यावर मी डबा हातात घेऊन उभा राहिलो.

"हा इथं कोणी ठेवला?"

"मी. लई दिवस झाले. तुमाला आज दिसला."

"का ठेवला?"

"तिथं ओल हाय. हितं सुकी जागा हाय. माझा डबा हाय, मी ठेवला."

"तुझा डबा? फिल्म शेठची, जपली मी, आणि डबा तुझा?"

"आत मी हाय ना?"

मी ओरडलो. फिल्मला बोंबलाचा वास लागेल, तुला काय कळतं, वगैरे. डबा खोलीत नेला आणि सगळ्यात खालच्या फळीवर ठेवला, गोणपाटाच्या अगदी वर. तिला दिसावा म्हणून मुद्दाम तिथे. ती बोलली, "बरा. तुमाला कोण सांगल." परत तिने त्याला हात लावला नाही. ह्याला वीस वर्षं झाली असतील.

तर बाई आल्या. चाळिशीच्या, केस बारीक कापलेले, पायात बूट. मी फोनवरच सांगितलं होतं, डबा घराबाहेर जाणार नाही, जे काय करायचं ते इथे करा. त्या सामान घेऊनच आल्या. हातांनी फिरवायची दोन चक्रं, खालून उजेड येणारी काच, पांढरे हातमोजे. पोराने गोदामातून सुट्टी घेतली होती. मानकोलीला तो सुपरवायझर आहे, आमच्या बांधाच्या जागेपासून फार लांब नाही.

मी पहिलं विचारलं, "पडद्यावर माझं नाव येईल काय?"

"येईल काका. जतन करणारे म्हणून."

"पूर्ण नाव. बापाच्या नावासकट."

"पूर्ण."

खोलीचं दार उघडलं तशी बाई एक पाऊल मागे सरकली. मी बघितलं ते. मग आत गेली, वाकली आणि गोणपाटाला बोट लावलं. सकाळीच पाणी मारलं होतं. पाहुणे येणार म्हणून जरा जास्तच.

"काका, हे ओलं कशाला?"

मी सगळं समजावून सांगितलं. सूत, मुकादम, उन्हाळा, मऊ झालेली फिल्म. तिने ऐकून घेतलं, मग हळू बोलली, "सूत कापसाचं असतं काका. कापसाला ओलीने ताकद येते. फिल्मचं उलटं आहे. ओल लागली की ती आंबते. ह्या वासाला आम्ही सिरक्याचा, म्हणजे व्हिनेगरचा वास म्हणतो. एकदा सुरू झालं की थांबत नाही, फक्त थंड आणि कोरड्या जागेत हळू होतं."

"मऊ झाली होती की पण."

"झाली असेल. पाणी पिऊन होते. आणि मग आतून जाते."

"तुम्ही कुठे शिकलात हे?"

तिने सांगितलं. बाहेरच्या देशात दोन वर्षं. मी बोललो, "तिकडची हवा वेगळी." पोरगा खोकला. त्याचं खोकणं मला कळतं.

तिने प्रत्येक डब्यात कागदाची एक बारीक निळी पट्टी टाकली आणि झाकण लावलं. फिल्म चांगली असेल तर पट्टी निळीच राहते, बिघडत असेल तर हिरवी होते, फार बिघडली तर पिवळी. एक दिवस ठेवायची. जाताना तिने विचारलं, "काका, आज-उद्या पाणी नाही मारलं तर चालेल ना?" मी बोललो, "तुमची परीक्षा आहे, तुम्ही सांगाल तसं."

दुसऱ्या दिवशी दुपारी ती आली आणि एकेक डबा उघडला. वरच्या फळीवरच्या पट्ट्या निळ्या-हिरव्या. मधल्या हिरव्या. जसं खाली यावं तसा रंग बदलत गेला. मी उभा राहून बघत होतो, तालुक्याच्या कचेरीत नंबर येईपर्यंत उभं राहतात तसा. नऊ नंबरची पट्टी हळदीसारखी पिवळी.

"पट्टी खराब असेल," मी बोललो.

"दुसरी टाकून बघू?"

मी पट्टी बोटात धरून बघितली. "नको."

तिने हातमोजे घालून फिल्म बाहेर काढायला घेतली, पण ती निघेना. सगळे वेढे एकमेकांना चिकटून पावासारखा एकच गोळा झाला होता. वर पांढरी भुकटी. बाई श्वास आवरून बोलत होती, "हे इथे उलगडणार नाही. जबरदस्ती केली तर चित्राचा थर सोलून निघेल. आमच्याकडे नेऊन हळूहळू कोरडी करावी लागेल. काही मिळेल, काही नाही. खात्रीने सांगत नाही."

"डबा घराबाहेर जाणार नाही, हे आपलं ठरलं होतं."

"हो, ठरलं होतं."

पोरगा बोलला, "बाबा, इथे ठेवून काय करणार? परत पाणी मारणार?"

मी त्याला थोबाडीत मारली नाही. पूर्वी मारली असती. त्याची आई असती तर बोलली असती, पोराला मारून काय व्हनार, फिल्म सुकनार हाय? मी नऊ नंबरला झाकण लावलं आणि तो उचलला. बाईच्या गाडीपर्यंत मी स्वतः नेला, आडवा, दोन्ही हातांत, जसा धरायचा असतो तसा. गाडीत ठेवताना बोटाला पोचा लागला.

"ह्याच्यात माझी मंडळी आहे," मी सांगितलं. तोपर्यंत सांगितलं नव्हतं. "रांगेत सातवी. हसते ती जागा तेवढी बघा."

बाईने मान हलवली. नुसतीच हलवली, खोटं काही बोलली नाही.

तीन आठवडे गेले. ह्या तीन आठवड्यांत मी काय केलं ते नीट आठवत नाही. पाणी बंद होतं. गोणपाटं वाळून कडक झाली, पायाखाली वाजायची. पोराच्या बायकोने आंबाडीच्या बाजारातून सुकट आणली आणि मी ती कुठे ठेवते ते बघितलं. माळ्यावरच ठेवली, त्याच पेटीत.

बाई आली ती लॅपटॉप घेऊन. जेवणाच्या टेबलावर ठेवला. मी खुर्चीत बसलो, पोरगा मागे उभा. ती बोलली, "काका, आधीच सांगते. बांधाचा भाग बराचसा वाचलाय. माहितीपटात नक्की येईल. पण चेहरे..."

"लावा," मी बोललो.

तिने लावलं. आकाश आलं, खाडी आली, मग बांध आला. काळी-पांढरी माणसं रांगेत. चित्र पाण्यात बघितल्यासारखं हलत होतं, कडांनी पांढऱ्या बुरशीची नक्षी चढली होती. मी माणसं मोजली. पहिला आमचा पाटील, दुसरा चुलता, तिसरा कोण ते नाही कळलं. सातवी आली. तिचे पाय दिसले, घोट्यापर्यंत चिखलात. नऊवारी खोचलेली. हात दिसले, चिखलाचा गोळा घेणारे, पुढे देणारे. मानेच्या वर काही नव्हतं. थर वितळून वाहून गेला होता, तिथे एक पांढरा डाग होता आणि तो डाग वळला. मला माहीत आहे, तेव्हा ती वळली. डाग कॅमेऱ्याकडे वळला, थोडा हलला आणि परत फिरला. पुढच्या बाईचं तोंड उघडलेलं स्वच्छ दिसलं, ओरडताना. त्या बाईला मी कधी चांगलं बोललो नाही. ती पूर्ण आली.

पोरगा बोलला, "बाबा, आई कुठली?"

मी स्क्रीनला बोट लावलं. "हे हात."

बाईने परत लावलं. मी तीनदा बघितलं. मी वाट बघत होतो की आत काहीतरी होईल. डोक्यावरचा पंखा कुरकुरत होता. मला वाटलं, ह्याला तेल द्यायला पाहिजे. एवढंच वाटलं. मी बाईला बोललो, "चांगलं काम केलंत." ती बोलली, "सॉरी काका." मी बोललो, "तुम्ही कशाला?"

मग कागद निघाले. प्रत्येक डब्याचा एक कागद असतो. पुढे कधीकाळी कोणी ती फिल्म बघेल तर त्याला कळावं की ती कुठे होती, कोणी जपली, काय बिघडलं, कशाने बिघडलं. नऊ नंबरच्या कागदावर बाईने सगळं भरलं होतं. जतन करणारे, माझं पूर्ण नाव, बापाच्या नावासकट. एकच जागा रिकामी होती. नुकसानीचं कारण.

"इथे दमट हवामान लिहू का काका? खाडीकाठ आहे, हवा दमट असतेच. खोटं नाही ते."

तिने मला वाचवायला हे विचारलं, ते मला कळलं. मी बोललो, "लिहा." तिने लिहिलं. मी खाली सही केली, मोठी, पूर्ण नावाची, मी करतो तशी. उरलेले तीस डबे पण न्यायचं ठरलं, तिच्याकडे थंड कोरडी खोली होती. टेम्पो दुसऱ्या दिवशी सकाळी येणार होता. कागद तिने माझ्याकडेच ठेवले, डब्यांबरोबर द्या म्हणून. दारातून निघताना बोलली, "तुम्ही भंगारातून उचलले नसते तर आज हे पाय-हात पण नसते." खरं आहे ते. बरं वाटायला पाहिजे होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी उठलो आणि बादली भरली. हाताला सवय, वीस-बावीस वर्षांची. खोलीच्या दारापर्यंत गेलो आणि मग कळलं. बादली तिथेच ठेवली. आत जाऊन गोणपाटं गोळा केली, अंगणात झटकली, घडी घालून टेम्पोसाठी ठेवली, डब्यांच्या खाली घालायला, सुकी. मग टेबलावर बसून नऊ नंबरचा कागद काढला. 'दमट हवामान' वर रेघ मारली. खाली माझ्या अक्षरात लिहिलं. अक्षर वाकडं आहे, चौथीचं आहे. 'मी रोज पाणी मारत होतो. बायको नको म्हणत होती. तिने हा डबा सुक्या जागी ठेवला होता, तो मी परत खाली आणला.' जागा पुरली नाही, शेवटचं कागदाच्या कडेला उभं लिहिलं.

पोरगा ड्युटीला जायला निघाला होता, बूट घालत होता. त्याने कागद वाचला. परत वाचला.

"बाबा, मी नीट लिहून देऊ? शुद्ध करून?"

"नको. तसाच जाऊ दे."

टेम्पो आला, आम्ही दोघांनी मिळून डबे चढवले, सगळे आडवे. कागदांची पिशवी मी ड्रायव्हरच्या हातात दिली. टेम्पो वळून गेल्यावर दाराशी बादली तशीच भरलेली होती. त्या पाण्याने मी आंघोळ केली.